बेन जॉन्सन पाहायचा असेल तर कुठल्या डिस्क घ्याव्यात

जुन्या वेस्टर्नमधल्या, म्हणजे अमेरिकी गुराखी-घोडेस्वारांच्या चित्रपटांतल्या, सहाय्यक नटांची नावं घ्यायला बसलं की वॉल्टर ब्रेनन, वॉर्ड बाँड, जॅक इलम पटापट आठवतात. बेन जॉन्सन जरा उशिरा आठवतो, कारण त्याच्या वाट्याला वाक्यंच कमी आली. त्याचं खरं काम मांडीत, मनगटात आणि खांद्यांत असतं. घोडा भरधाव असताना कमरेच्या वर त्याचं शरीर जवळजवळ हलत नाही, लगाम सैल असतो आणि नजर घोड्यावर नसून पुढच्या वाटेवर असते. हे दिसण्यासाठी घोडा आणि स्वार दोघंही चौकटीत पूर्ण हवेत. त्यामुळे या नटाच्या बाबतीत कुठला चित्रपट पाहावा याइतकाच कुठल्या प्रतीत पाहावा हाही प्रश्न महत्त्वाचा आहे.

इंटरनेटवर फिरणाऱ्या फुकटच्या प्रतींमध्ये नेमकं हेच वाया जातं. १९५३ सालापर्यंतचे हे चित्रपट १.३७ : १ या जवळजवळ चौकोनी चौकटीत चित्रित झाले. आजच्या रुंद टीव्हीचा पडदा भरावा म्हणून कुणी चित्र झूम केलं, की उंचीचा जवळपास चौथा हिस्सा वरून-खालून कापला जातो. वरून टोपी जाते, खालून घोड्याचे पाय जातात, आणि उरतो तो घोड्याच्या मानेमागे हिंदकळणारा एक चेहरा. ताणून रुंद केलेल्या चित्रात तर घोडा बुटका आणि स्वार जाडा दिसतो. अशा प्रतीवरून जॉन्सनबद्दल मत बनवू नये.

थोडी पार्श्वभूमी हवीच. जॉन्सनचा जन्म १३ जून १९१८ रोजी ओक्लाहोमातल्या ओसेज परगण्यात, फोरेकर या गावी झाला. वडील रँचवरचे (गुरं पाळायच्या मोठ्या कुरणावरचे) आणि रोडिओतले, म्हणजे गुराख्यांच्या कौशल्याच्या स्पर्धांतले, नावाजलेले विजेते. निर्माता हॉवर्ड ह्यूजला ‘द आउटलॉ’ या चित्रपटासाठी घोडे हवे होते, ते पोचवण्याच्या कामावर हा मुलगा निघाला आणि हॉलिवूडमध्येच राहिला. रँचवर रोज एक डॉलर मिळायचा आणि हॉलिवूडचा पहिला चेक ३०० डॉलरचा होता, असं तो नंतर सांगत असे. पुढे बरीच वर्षं मोतद्दार, स्टंटमन आणि मोठ्या नटांचा डुप्लिकेट. लग्न झालं फॅट जोन्सच्या मुलीशी. जोन्सचा तबेला चित्रपटांना घोडे भाड्याने देणारा मोठा तबेला होता, त्यामुळे कुठला घोडा कॅमेऱ्यासमोर बिचकतो, कुठला गोळीच्या आवाजाला सरावलेला आहे, कुठला उडी मारताना आखडतो हे सगळं त्याच्या घरातलंच ज्ञान होतं.

१९४८ च्या ‘फोर्ट अपाची’त तो हेन्री फोंडाच्या जागी घोड्यावर बसत होता. चित्रीकरणात माणसं बसलेली एक घोडागाडी उधळली आणि जॉन्सनने घोडा घालून ती आवरली. दिग्दर्शक जॉन फोर्डने त्याला सात वर्षांचा करार देऊ केला, आठवड्याला ५००० डॉलरचा. आकडा वाचल्यावर पुढचा मजकूर न वाचताच सही केली, असं जॉन्सन सांगायचा.

आता डिस्क. सुरुवात ‘शी वोअर अ यलो रिबन’ने (१९४९) करावी. वॉर्नर आर्काइव्ह या कंपनीची २०१६ ची ब्लू-रे घ्यावी. जुनी डीव्हीडी घरात असली तरी ही वेगळी घेण्यासारखी आहे. छायाचित्रकार विंटन होकला या चित्रपटासाठी रंगीत छायाचित्रणाचं ऑस्कर मिळालं, आणि मॉन्युमेंट व्हॅलीची तांबडी माती, घोडदळाचा निळा गणवेश, पिवळे रुमाल हे रंग डीव्हीडीवर एकमेकांत मिसळतात. ब्लू-रेवर ते वेगळे राहतात, आणि दूरच्या शॉटमध्येही जॉन्सनचा लालसर घोडा ओळखता येतो. त्याचं नाव स्टील, फॅट जोन्सच्या तबेल्यातला.

जॉन्सन इथे सार्जंट टायरी आहे: अमेरिकी यादवी युद्धात दक्षिणेकडून कॅप्टन म्हणून लढलेला, आता उत्तरेच्या सैन्यात सार्जंट. वरिष्ठाने मत विचारलं की ते आपलं खातं नव्हे म्हणायचं, आणि लगेच अचूक मत द्यायचं, ही त्याची पद्धत. पण खरी पाहण्यासारखी आहे ती टायरी एकटा टेहळणीला गेलेला असताना होणारा पाठलाग. घोडा घळीवरून झेप घेतो तिथे डिस्क मागे नेऊन पुन्हा पाहा. उडीच्या आधी जॉन्सन लगाम खेचत नाही, उलट हात पुढे नेऊन घोड्याला मान लांबवू देतो. स्वार बिचकला आणि त्याने ऐन वेळी लगाम ओढला, तर घोड्याचं डोकं वर जातं, पाठ आखडते आणि मागचे पाय पलीकडच्या कडेला आपटतात. साध्या नटांच्या घोडेस्वारीत ही चूक सतत दिसते, म्हणून संकलक तिथे शॉट तोडतो आणि डुप्लिकेट आणतो. इथे तोडायची गरजच पडत नाही. डिस्कवर जोड म्हणून फोर्डची घरगुती चित्रणं आहेत, ती एकदा पाहून सोडून दिली तरी चालेल.

एकच डिस्क घ्यायची असेल तर मात्र ‘वॅगन मास्टर’ (१९५०) घ्या. जॉन्सन इथे नामावळीत पहिल्या नावाचा नायक आहे आणि चित्रपट त्याच्याच अंगावर उभा आहे. ट्रॅव्हिस ब्लू हा घोड्यांचा तरुण व्यापारी, सोबत हॅरी कॅरी ज्युनिअरचा सँडी. दोघं मॉर्मन या धर्मपंथाच्या लोकांच्या गाड्यांचा तांडा वाळवंटातून पलीकडे न्यायचं काम पत्करतात. चित्रीकरण युटातल्या मोअॅबजवळ झालं, छायाचित्रण बर्ट ग्लेननचं, कृष्णधवल, लांबी ८६ मिनिटं. एवढ्या कमी वेळात फोर्डने गाणी, नाच, नदी ओलांडणं, दरोडेखोरांचं कुटुंब सगळं बसवलं आहे, आणि तरी घाई कुठेच नाही.

या चित्रपटात जॉन्सनचा आवाज ऐका. तो वाक्य शेवटाकडे खाली सोडतो, जोर देत नाही. बंदुकीने कधी माणसावर नेम धरलास का, असं विचारल्यावर ‘नाही, फक्त सापांवर’ हे उत्तर तो इतक्या साधेपणाने देतो, की शेवटी तेच उत्तर दुसऱ्या अर्थाने परत येतं तेव्हा त्याला चेहरा बदलावा लागत नाही. गोळीबारानंतर तो बंदूक फेकून देतो. दुसऱ्या कुठल्या नायकाने हे केलं असतं तर आपण त्याच्या डोळ्यांत काहीतरी शोधलं असतं; जॉन्सन ती नको असलेल्या अवजारासारखी टाकतो आणि पुढच्या कामाला लागतो. सहाय्यक भूमिकांत पुढची वीस वर्षं त्याने हेच केलं.

घोडेस्वारीसाठी नाव्हाहो या आदिवासी जमातीचे स्वार दिसल्यावर तांड्याकडे परतणारी त्याची दौड पाहावी. कॅमेरा बाजूने धावतो, शॉट लांब आहे, जमीन खाचखळग्यांची. घोडा दोनदा पाय बदलतो आणि जॉन्सनचं वजन त्याच्याबरोबर सरकतं, पण टोपी स्थिर राहते. वॉर्नर आर्काइव्हच्या ब्लू-रेवर टापांखालची धूळ कणांसकट दिसते. याच चित्रपटाची जुनी डीव्हीडीही वाईट नव्हती, पण करडे रंग मध्यावर एक होत, आणि संध्याकाळच्या दृश्यांत माणसं पाठीमागच्या कड्यांत विरघळून जात.

हॅरी कॅरी ज्युनिअर आणि दिग्दर्शक पीटर बॉग्डॅनोविच यांचं, चित्रपट चालू असताना ऐकायचं समालोचन डिस्कवर आहे. ते जरूर ऐका. कॅरी स्वतः बाजूच्या घोड्यावर होता, त्यामुळे कुठला शॉट कसा घेतला हे तो आतून सांगतो. आणि बॉग्डॅनोविचने पुढे जॉन्सनला ऑस्कर मिळवून देणारी भूमिका दिली. जॉन्सनच्या कारकिर्दीची दोन टोकं एका ध्वनिपट्टीवर भेटतात, अशी दुसरी डिस्क सापडणार नाही.

‘रिओ ग्रांदे’ (१९५०) मधला रोमन पद्धतीचा स्वारीचा प्रसंग हा या नटाचा सर्वांत प्रसिद्ध तुकडा. दोन घोडे शेजारी शेजारी, एकेका पाठीवर एकेक पाय, दोन्ही घोड्यांचे लगाम हातात, आणि त्याच अवस्थेत अडसरावरून उडी. जॉन्सन, कॅरी आणि तरुण क्लॉड जार्मन ज्युनिअर तिघंही घोड्यांवर खरोखर उभे आहेत. यात धोका उडीपेक्षा वळणावर जास्त असतो. बाहेरच्या घोड्याला लांबचं अंतर कापावं लागतं, तो मागे पडला किंवा बाजूला सरकला की स्वाराचे पाय फाकतात आणि तो दोघांच्या मध्ये पडतो. म्हणून घोडे एका उंचीचे, एका चालीचे आणि एकत्र शिकवलेले लागतात, आणि स्वाराला गुडघे सतत नरम ठेवावे लागतात. जॉन्सनचे गुडघे पाहा, मग कॅरीचे पाहा. फरक लगेच कळतो. यासाठी ऑलिव्ह या कंपनीची ‘सिग्नेचर’ नावाची २०२० ची आवृत्ती घ्यावी. ऑलिव्हचीच २०१२ ची आधीची ब्लू-रे स्वस्तात दिसली तरी सोडावी, कारण नव्या स्कॅनमध्ये या प्रसंगाची खोली वेगळीच आहे. चित्रपट म्हणून मात्र ‘रिओ ग्रांदे’ मध्येमध्ये रेंगाळतो आणि गाणी गरजेपेक्षा जास्त आहेत.

याच चित्रपटाच्या वेळी जेवणाच्या टेबलावर फोर्डने सगळ्यांसमोर अपमान केला, जॉन्सनने तोंडावर उत्तर दिलं आणि उठून गेला. त्यानंतर थेट १९६४ च्या ‘शायेन ऑटम’पर्यंत फोर्डने त्याला घेतलं नाही. नायक म्हणून वर येत असलेला माणूस तिथून पुन्हा चौथ्या-पाचव्या नावावर गेला. पण त्यामुळेच तो चांगला सहाय्यक नट झाला, असं आमचं मत आहे. फोर्डच्या हाताखाली तो नेहमी सरळमार्गी पोरगाच राहिला असता.

‘शेन’ (१९५३) त्याचा पुरावा. क्रिस कॅलोवे हा गुराख्यांच्या टोळीतला दांडगट. सोडा घ्यायला आलेल्या नायकाच्या, शेनच्या, शर्टावर तो दारू ओततो, पुढच्या भेटीत मार खातो, आणि अखेरीस त्याच शेनला सावध करायला येतो. तीन प्रसंग मिळून माणसाचा पूर्ण प्रवास होतो, आणि मधला बदल पटकथेत लिहिलेला नाही, तो जॉन्सनने देहबोलीतून भरला आहे. शेवटच्या भेटीत तो टोपी कशी धरतो ते पाहा. २०१३ ची ब्लू-रे १.३७ च्या मूळ चौकटीत आहे. हे मुद्दाम सांगायचं कारण असं, की प्रदर्शनाच्या वेळी रुंद पडद्याची लाट आली होती आणि स्टुडिओने चित्र वरून-खालून कापून १.६६ मध्ये दाखवलं होतं. वायोमिंगचे डोंगर आणि मारामारीतले पाय दोन्ही हवे असतील तर ही चौकट हवी. जॉर्ज स्टीव्हन्स ज्युनिअर आणि इव्हान मॉफॅट यांचं समालोचन माहितीपूर्ण आहे, पण त्यात जॉन्सन फारसा येत नाही.

‘शेन’ चित्रपटगृहांत लागलं त्या वर्षी जॉन्सन चित्रपट सोडून रोडिओत फिरत होता. १९५३ चं टीम रोपिंगचं जागतिक विजेतेपद त्याने मिळवलं. या खेळात दोन स्वार असतात. पहिला बैलाच्या शिंगांत फास टाकतो, दोराचे वेढे खोगिराच्या खुंटीला देतो आणि बैलाला डावीकडे वळवतो. दुसरा मागचे दोन्ही पाय पकडतो. वेढे देताना अंगठा दोराखाली राहिला तर तुटतो, इतका तो झटका असतो. विजेतेपद मिळालं, पैसे मात्र खर्चात गेले. वर्षअखेरीला हातात खिळखिळी झालेली मोटार आणि संतापलेली बायको एवढंच उरलं, असं तो सांगे, आणि तरीही ऑस्करपेक्षा या विजेतेपदाचा अभिमान त्याला जास्त होता.

पन्नाशीच्या दशकातले त्याचे उरलेले चित्रपट बरेचसे किरकोळ आहेत, त्यांवर पैसे घालू नयेत. थेट ‘वन-आयड जॅक्स’वर (१९६१) यावं. मार्लन ब्रँडोने दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात जॉन्सन बॉब अॅमरी हा विषारी साथीदार रंगवतो. आवाज तोच मऊ, पण इथे त्या मऊपणाची भीती वाटते. चित्रपटाचे कॉपीराइट हक्क सुटलेले असल्याने बाजारात अनेक भिकार प्रती आहेत: रंग उडालेले, कडा कापलेल्या, समुद्र करड्या चिखलासारखा. क्रायटेरियन या कंपनीची २०१६ ची, नव्या जीर्णोद्धारावरून केलेली ब्लू-रे सोडून दुसरी कुठलीही घेऊ नये.

‘द वाइल्ड बंच’ (१९६९) बहुतेकांकडे असतोच. जॉन्सन टेक्टर गॉर्च, वॉरन ओट्स त्याचा भाऊ लाइल. १४५ मिनिटांची प्रत हवी, कापलेली नको. १९९७ ची डीव्हीडी अर्ध्यात उलटावी लागते, ती टाळा. ब्लू-रे ज्यावरून केली तो मास्टर जुना आहे आणि ते सावल्यांत जाणवतं, पण तरी डीव्हीडीपेक्षा बरीच वर. हा चित्रपट रुंद पॅनाव्हिजनमध्ये आहे, म्हणून टीव्हीवर वर-खाली काळ्या पट्ट्या दिसणं बरोबर आहे. इथे झूम केलं की दोन्ही बाजू जातात. चौघं शेवटच्या लढाईकडे चालत निघतात त्या शॉटमध्ये जॉन्सन सर्वांत डावीकडे आहे; पडदा भरायच्या नादात तोच कापला जातो.

मग ‘द लास्ट पिक्चर शो’ (१९७१). हा वेस्टर्न नव्हे, पण वेस्टर्नमधल्या त्या सगळ्या माणसांचं म्हातारपण त्यात आहे. टेक्सासमधलं ओस पडत चाललेलं गाव, आणि तिथलं चित्रपटगृह, पूल हॉल आणि कॅफे चालवणारा सॅम द लायन. जॉन्सनने आधी नकार दिला, संवाद फार आहेत म्हणून. बॉग्डॅनोविचने फोर्डला मध्ये घातलं. ज्याने त्याला वर्षानुवर्षं दूर ठेवलं त्यानेच फोन करून भूमिका घ्यायला लावली. संवादांतले अर्वाच्य शब्द काढायची परवानगी जॉन्सनने मागून घेतली. सगळी मिळून पडद्यावरची वेळ दहा मिनिटांच्या आत, आणि त्यावर सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर.

तळ्याकाठचं लांब स्वगत पाहताना एक गोष्ट लक्षात घ्या: तो बसलेला आहे, हात जवळजवळ हलत नाहीत. घोड्यावरचं ते शांत धड इथे घोड्याशिवाय काम करतं. कॅमेरा सावकाश जवळ येतो, आठवण जसजशी रंगते तसा चेहरा मोकळा होतो, आणि आवाज तरीही वाक्याच्या शेवटी खालीच उतरतो. ‘वॅगन मास्टर’ आधी पाहिलेला असेल तर हा उतार ओळखीचा वाटेल. क्रायटेरियनचा २०२३ चा ४के संच घ्यावा. रॉबर्ट सर्टीसच्या कृष्णधवल चित्रणात टेक्सासच्या धुळीचे जे करडे थर आहेत ते ४के वर सुटे दिसतात. सोबत ‘टेक्सासव्हिल’ हा त्याचा पुढचा भागही मिळतो, तो जॉन्सनसाठी पाहायची गरज नाही.

विकत घेण्याआधी रीजन, म्हणजे डिस्क कुठल्या देशांतल्या प्लेअरवर चालेल तो विभाग, तपासा, कारण इथेच बहुतेकांचे पैसे अडकतात. ब्लू-रेसाठी अमेरिका रीजन ए आणि भारत रीजन सी आहे. क्रायटेरियनच्या अमेरिकी ब्लू-रे ए ला कुलूपबंद असतात आणि ऑलिव्हच्या डिस्कही ए च्या आहेत; भारतात घेतलेल्या साध्या प्लेअरवर त्या चालणार नाहीत, रीजन-फ्री प्लेअर लागेल. वॉर्नर आर्काइव्हच्या ब्लू-रे सहसा कुठेही चालतात, तरी विक्रेत्याला विचारून घ्या. ४के डिस्कला रीजन नसतो, पण त्याच संचातल्या ब्लू-रेला असतो, म्हणजे मुख्य चित्रपट लागेल आणि जोड डिस्क अडेल असं होऊ शकतं. अमेरिकेत राहणाऱ्यांना हा प्रश्न नाही. तिकडून कुणी येणार असेल तर डिस्क मागवा, प्लेअर नको. वॉर्नर आर्काइव्हच्या जुन्या डीव्हीडी अनेकदा मागणीनुसार लिहून दिलेल्या असतात, छापलेल्या नसतात. काही प्लेअर त्या वाचत नाहीत. त्यांच्या ब्लू-रे छापलेल्या असतात.

टीव्हीवर चित्राचा आकार ‘ओरिजिनल’ किंवा ‘जस्ट स्कॅन’वर ठेवा. हालचाल गुळगुळीत करणारी सोय, ट्रूमोशन, मोशनफ्लो किंवा जे नाव असेल ते, पूर्ण बंद करा. ती चालू असली की टीव्ही मधल्या फ्रेम स्वतः बनवतो आणि दौडणाऱ्या घोड्याचे पाय जमिनीवरून घसरल्यासारखे दिसतात. नॉइज रिडक्शनही बंद, नाहीतर फिल्मच्या कणांबरोबर टापांची धूळ पुसली जाते. फोर्डच्या तिन्ही चित्रपटांचा आवाज मोनो आहे, तो सराउंडमध्ये पसरवू नका. इंग्रजी सबटायटल्स लावूनच पाहा. ओक्लाहोमाचा लांबट उच्चार आणि खाली सोडलेलं वाक्य सवयीच्या कानालाही निसटतं, आणि जॉन्सनच्या वाट्याला आलेल्या मोजक्या शब्दांतला एकही चुकू नये.

पैसे बेताचे असतील तर ‘वॅगन मास्टर’ आणि ‘द लास्ट पिक्चर शो’ घ्या, याच क्रमाने पाहा. तिसरी ‘यलो रिबन’. ‘शेन’ त्यानंतर, आणि ‘रिओ ग्रांदे’ चांगल्या किमतीला मिळाली तरच.